जीभ काढलेला नळ

सकाळचे साडेआठ झाले होते. शब्बीर पेंटर आपल्या ओट्यावर बसून एका मोटारसायकलच्या पाटीवर नंबर काढत होता. समोरच्या टपरीवरून हेमकांत चहावाला ओरडला, "चाचा, मानं तुम्हले! सत्तरी जवळ उनी, तरी हात हालना नही!"

शब्बीरला वाटलं, पाटीबद्दल बोलतोय. त्याने ब्रश बाजूला धरून चारचा आकडा पाहिला. आकडा ठीक होता, पण त्यासाठी रस्त्यात आरोळी ठोकावी असं काही त्यात नव्हतं.

"पाटी नही हो, नळ!" हेमकांत रस्ता ओलांडून आला आणि त्याने फोन पुढे धरला.

शब्बीरने कपाळावरचा चष्मा डोळ्यांवर घेतला. फोनच्या काचेत एक नळ होता. पितळी, जुन्या घडणीचा, पोट पुढे आलेला. त्याच्या तोंडातून पाण्याऐवजी जीभ लोंबत होती. वैशाखात सावली हुडकत फिरणाऱ्या कुत्र्याची असते तशी, लांब, कोरडी, टोकाला जराशी वळलेली. खाली लिहिलं होतं, 'पानी देवानं ऱ्हाऊ द्या, मालेच तीस लागनी!' म्हणजे पाणी देण्याचं राहू द्या, इथे नळालाच तहान लागली आहे.

ती जीभ त्याची होती. तीस वर्षांपूर्वी अमरचंद शेठच्या गोदामाच्या भिंतीवर त्याने ती काढली होती, आणि ते वळलेलं टोक जमायला अर्धी दुपार गेली होती. गर्दीत आपल्या पोराची चाल ओळखू यावी तशी त्याने ती ओळखली आणि क्षणभर त्याला नुसता आनंद झाला. मग नजर वर गेली. नळाची मूठ जिथे असायला हवी तिथे एका बाईचा चेहरा बसवलेला होता. चेहरा हसत होता. प्रचाराच्या पत्रकावर हसतात तसा. हनुवटीखालून ती जीभ निघाली होती.

चेहरा रंजिताचा होता.

भोरखेड्यात सरपंचपदाचं मतदान सहा दिवसांवर आलं होतं. जागा महिलांसाठी सुटलेली. एका पॅनलकडून रंजिता उभी होती, वारलेल्या दोधू अप्पांची सून. दुसऱ्या पॅनलकडून फाल्गुनी, अमरचंद शेठची सून. आणि चित्राच्या उजव्या कोपऱ्यात, तिरक्या अक्षरांत, खाली एक रेघ ओढलेलं नाव होतं, शब्बीर.

"कोनी करं हाई?" त्याने विचारलं.

"कोनी म्हंजे? खाले नाव शे ना तुम्हनं!" हेमकांत हसत हसत परत गेला. भट्टीवरचं दूध वर येत होतं.

पाटीवरचा पुढचा आकडा तसाच राहिला. अप्पांच्या घरी आज हे चित्र पोचलं असेल. त्या घरात तो तीस वर्षं चहा प्यायला होता. आता त्या घरातल्या सुनेच्या तोंडाला त्याने कुत्र्याची जीभ लावली असं गाव म्हणत होतं, आणि कौतुकाने म्हणत होतं. रागाने म्हटलं असतं तर उत्तर देता आलं असतं.

शब्बीरने आयुष्यभर भिंती रंगवल्या. भोरखेड्यापासून प्रकाशापर्यंत, इकडे सारंगखेड्यापर्यंत, तापीच्या काठाकाठाने. खतांच्या जाहिराती, कुटुंबनियोजन, घोड्यांच्या यात्रेतल्या तंबूंचे पडदे, आणि निवडणुका. निवडणूक आली की भिंती आधीच धरून ठेवाव्या लागत. चुन्याचा एक पट्टा मारून त्यावर 'राखीव' लिहिलं की त्या भिंतीला दुसरा पेंटर हात लावत नसे. एकदा त्याला धडगावच्या वाटेने डोंगरात पाठवलं होतं. तिथे अक्षरं लिहायची नाहीत, फक्त चित्रं काढायची, असं सांगितलेलं. पंधरा दिवस तो पक्षांच्या निशाण्या काढत फिरला. एका पाड्यावरच्या म्हाताऱ्याने चित्रापुढे बराच वेळ उभं राहून विचारलं होतं, हे जनावर आम्हाला काय देणार? तो प्रश्न शब्बीर बरोबर घेऊन उतरला.

त्याचा उस्ताद झिपरू पेंटर. झिपरूला अक्षरं जेमतेम लिहिता येत, पण माणसांना हसवायचं कसं हे त्याला चांगलं ठाऊक होतं. "चित्र पहिले हसाडस, मंग डोकामा घुसस," तो म्हणायचा. आपण हे काही नवीन करत नाही, असंही सांगायचा. त्याचा आजा होळीला सोंग घ्यायचा. तोंडाला कागदाचा मुखवटा, पोटाला बांधलेलं गोणपाट, आणि गावाच्या पाटलासारखी चाल. पाटील समोर बसलेला असायचा, आणि हसणं त्याला भाग होतं, कारण हसला नाही तर अख्खा गाव त्याच्यावर हसला असता. आखाजीला, म्हणजे अक्षय्य तृतीयेला, बायका नदीच्या दोन काठांवर उभ्या राहून समोरच्या गावाला गाण्यातून शिव्या द्यायच्या. झिपरूच्या आत्याने एकदा एका कंजूस सावकारावर अशी ओळ जोडली की तो महिनाभर ओसरीवर दिसला नाही. "तिनं गळं व्हतं, आपला कुंचला शे," झिपरू म्हणायचा. "काम तेच."

पण त्या कामाला काही बंधनं होती, आणि झिपरू ती फार कडक पाळायचा. माणसाची करणी काढायची, माणसाचं तोंड काढायचं नाही. ज्याची भिंत, त्याला विचारल्याशिवाय रेघ ओढायची नाही. आणि सगळ्यांत विचित्र गोष्ट होती उरलेल्या रंगाची. ज्या डब्यातून कुणाची थट्टा रंगवली, त्या डब्यातला उरलेला रंग घरी आणायचा नाही. दुसऱ्या दिवशी सकाळी तो डबा घेऊन ज्याची थट्टा केली त्याच्याच घरी जायचं आणि त्या रंगात त्याच्या दारावर त्याचं नाव फुकटात लिहून द्यायचं. रंग द्यायचा भिंतीच्या मालकाने, न्यायचा पेंटरने. नवीन असताना शब्बीरने विचारलं होतं, का? झिपरूने ब्रश झटकला. "त्याना डोळामा दखता उनं पाह्यजे. नही तर चित्र काढू नको."

पंचाण्णव साली दोधू अप्पा सरपंच होते. त्यांनी गावात पाण्याची टाकी बांधली, गल्लीगल्लीत नळ बसवले. उद्घाटनाच्या दिवशी पाणी आलं. त्यानंतर आलं नाही. अर्ध्या कोसावर तापी भरलेली, आणि बायका हंडे घेऊन विहिरीवर. अमरचंद शेठने गोदामाची भिंत दिली, लाल रंगाचे दोन डबे दिले, आणि शब्बीरने नळाला जीभ काढली. भिंतीसमोर जत्रा लोटली.

दुसऱ्या दिवशी सकाळी तो उरलेला डबा घेऊन अप्पांच्या दारात गेला. अप्पा अंगणात खाटेवर बसून निंबाच्या काडीने दात घासत होते. त्यांनी डबा पाहिला, शब्बीरला पाहिलं. मग थुंकून म्हणाले, "लिख. पन मन्हं नाव त्या जीभपेक्षा मोठं पाह्यजे."

त्याने लिहिलं. निवडणुकीत अप्पा एकोणीस मतांनी पडले. नाव दारावर राहिलं. आणि तेव्हापासून अप्पांनी एक सवयच लावून घेतली. बाजारात, लग्नात, एसटीच्या थांब्यावर, शब्बीर दिसला की ते बोलायच्या आधी जिभेचं टोक बाहेर काढायचे. शब्बीर हसायचा. दोघांत राम राम असा कधी झालाच नाही. शेवटी अप्पा दवाखान्यात होते तेव्हा शब्बीर भेटायला गेला. ओठ सुकलेले. त्यांनी त्याच्याकडे पाहिलं आणि जीभ थोडी बाहेर आली. ती थट्टा होती की तहान, हे शब्बीरला आजवर कळलेलं नाही.

मग फ्लेक्स आले. रात्रीत छापून सकाळी टांगायचे, वाऱ्याने फाटले की गुरांच्या गोठ्यावर घालायचे. भिंतीवरचं एकेक काम पुसलं, सोललं, गिलाव्याखाली गेलं. नळ मात्र छपराच्या आडोशाने बरीच वर्षं टिकला होता. सात वर्षांपूर्वी गोदामाला नवा गिलावा झाला तेव्हा तोही गेला.

आणि शब्बीर विचार करताना नेमका इथेच थांबला. तो नळ तर गेला होता. मग फोनमध्ये आला कुठून?

दुपारी जेवताना त्याच्या बायकोने, रजियाने, त्याला फैलावर घेतलं. "पूरी उमर सही करते फिरे. मैं बोलती थी ना, दीवार पे नाम मत लिखो? अब भुगतो."

"मैंने नहीं बनाया."

"मेरेकू मालूम है. गाँव को कौन बोलेगा? घर घर जाके बोलोगे?"

जावं तसंही, असं त्याच्या मनात आलं. पण राग बाजूला ठेवला तर दुसरंच काही त्याला टोचत होतं. आजवर एखाद्या भिंतीवर चोरून रंगवलेलं दिसलं की रंगाच्या ओघळांवरून त्याला पेंटर ओळखता येई. कोण ब्रश जास्त भिजवतो, कोण खालून वर ओढतो. इथे ओघळच नव्हता. हे कुणी केलं यापेक्षा हे असं होतं कसं, हे पाहायची त्याला ओढ लागली.

संध्याकाळी तो पिठाच्या गिरणीवर गेला, कारण हेमकांतला चित्र गिरणीवाल्याकडून आलं होतं. गिरणीवाल्याला केळी भरणाऱ्या टेम्पोच्या ड्रायव्हरने पाठवलं होतं. ड्रायव्हरला त्याच्या सुरतेच्या साडूने. गावातल्या गावात यायला चित्र सुरतेला जाऊन आलं होतं. प्रत्येकाने एकच वाक्य सांगितलं, "मी निस्तं पुढे पाठाडं." इतक्या माणसांनी हात लावला होता आणि रंग एकाच्याही बोटाला नव्हता.

मग त्याला दुसरा रस्ता सुचला. गिलावा होण्याच्या आदल्या दिवशी त्या भिंतीचा फोटो एकाच माणसाने काढला होता, त्याच्या मुलीने. महजबीन शहाद्याला उर्दू शाळेत शिकवते. त्याने तिला फोन लावला.

"हाँ अब्बा, मेरे पासही था," ती म्हणाली. "पिछले हफ्ते नमन ने माँगा. बोला, गाँव की पुरानी यादें जमा कर रहा हूँ. मैंने भेज दिया. क्यूँ, आपका नाम भी दिखता ना उसमें? मैंने खास बोला था, नाम मत काटना."

शब्बीरने तिला पुढचं काही सांगितलं नाही.

नमन म्हणजे अमरचंद शेठचा नातू, फाल्गुनीचा मुलगा. पुण्याला शिकून आलेला, आता आईच्या पॅनलचा फोनवरचा सगळा प्रचार त्याच्याकडे. दुसऱ्या दिवशी सकाळी शब्बीर त्यांच्या दुकानात गेला. बियाणं, खतं, दोऱ्या, खिळे, रंग. दुकानात सगळं मिळे. आत गादीवर शहाऐंशी वर्षांचे अमरचंद शेठ लोडाला टेकून बसलेले. त्यांचा एक कान गेला होता. दुसरा हवं तेव्हा चाले.

नमन त्याला पाहून उभा राहिला. "बसा ना चाचा. चहा सांगू?"

"चहा मंग. पहिले माले दखाड, कसं करं."

नमनने शिव्या ऐकायची तयारी ठेवलेली दिसत होती. या मागणीने तो गांगरला. मग त्याने फोन काढला आणि शब्बीर त्याच्या खांद्याला खांदा लावून पाहू लागला. बोटाने चेहऱ्याभोवती एक फेरी. चेहरा पत्रकातून सुटा झाला. तो उचलून नळावर. थोडा लहान, थोडा वाकडा. आणि चेहऱ्याचा रंग भिंतीच्या रंगासारखा विटका, जुना झाला.

"हाई कसं व्हयनं?" शब्बीरने बोट ठेवलं. "रंग कसा मिळना?"

"ते आपोआप होतं चाचा."

शब्बीर त्या शब्दापाशी घुटमळला. विटका रंग आणायला त्याला कधी राख, कधी गेरू मिसळावा लागला होता, कधी नुसती दोन उन्हाळ्यांची वाट पाहावी लागली होती. इथे ते दीड मिनिटात झालं होतं. त्याला हेवा वाटला, हे त्याने स्वतःपाशी कबूल केलं.

"आनी मूठ कसाले काढी टाकी?"

"कुणावर आहे ते कळलं पाहिजे ना. चेहरा नसला तर कुणी पुढे पाठवत नाही."

"माले दोन दिन लागनात त्या मूठले. ती झिजेल व्हती, दखेल नही का तू? लोकेस्नी फिराई फिराई झिजेल. बठा गावना हात व्हता त्या मूठवर. तू गाव काढी टाकं आनी एक बाईनं तोंड लाई दिधं."

नमनने चित्रातली मुठीची जागा पाहिली. मग म्हणाला, "पण चाचा, सुरुवात तुम्हीच केली ना? अप्पा त्याच नळामुळे पडले. दादाजी अजून सांगतात. तुम्ही भिंतीवर केलं, मी फोनवर केलं. एवढाच तर फरक आहे."

मुलगा पुष्कळसं खरं बोलत होता. होळीचं सोंग, आत्याची ओळ, त्याची स्वतःची जीभ, आणि हे. एकाच वेलीची वाळकं. कुठलं कडू निघालं आणि का, हे चाखल्याशिवाय कसं सांगणार? अप्पांच्या एकोणीस मतांतली किती मतं त्या जिभेने खाल्ली, हे त्याने तरी कधी मोजलं होतं?

"मन्हं नाव कसाले ठेवं?" त्याने विचारलं.

"तुमचं नाव असलं की लोकांना खरं वाटतं."

"आनी भिंत कोनी शे? कोले इचारं तू?"

"चाचा, इथे भिंत नसते."

"काय म्हनस तो?" गादीवरून आवाज आला. शेठचा दुसरा कान चालू झाला होता. "कोनी भिंत?"

नमनने फोन खिशात घालायला घेतला होता, पण म्हाताऱ्याने हात पुढे केला. फोन डोळ्यांजवळ नेऊन त्यांनी पाहिलं आणि त्यांचं पोट हलू लागलं. "अरे, हाऊ तं आपला नळ! शब्बीर, आपला नळ शे हाऊ!" मग हसणं थांबलं. "आनी हाई कोन? दोधूनी सून?"

नमनने मान डोलावली.

"उरेल रंग कोठे शे?"

"दादाजी, यात रंग नसतो."

"भिंत नही, रंग नही." शेठने फोन उलटा करून पाठ पाहिली, पुन्हा सुलटा केला. "हाऊ फोन कोना शे?"

"दुकानचा."

"आनी दुकान कोनं?"

"तुमचं," नमन म्हणाला.

"मंग भिंत मन्हीच शे ना, गधडा!" शेठने काठी चाचपली. "तो मांडणीवरना लाल रंग काढ. बारीक डबा नको, मोठा. चाल, शब्बीर."

"शेठ, तुम्हनी सून उभी शे," शब्बीर म्हणाला. "लोके काय म्हनतीन?"

"मन्हा कान कोठे चालस? म्हनू दे."

दोघं म्हातारे भर उन्हात गल्लीतून निघाले. शेठ काठी टेकत पुढे, शब्बीर डबा घेऊन मागे. टपरीवर हेमकांतने चहा गाळता गाळता हात थांबवला.

रंजिता चार-पाच बायकांबरोबर प्रचाराला निघायच्या बेतात होती. दारात तिने त्यांना पाहिलं आणि पदर खोचणारा हात कमरेवरच राहिला. "या चाचा. आज वाट भुलनात का? का राहेल जीभ दखाडाले उनात?"

मागच्या बायका तोंडाला पदर लावून थांबल्या.

"सही मन्ही शे, ताई," शब्बीर म्हणाला. "तोंड मी लायेल नही."

"सही तुम्हनी, तोंड मन्हं. मंग राहिनं काय?" तिचा आवाज चढला नव्हता, म्हणून तो जास्त लागला. "माले जीभना राग नही. लोके तं काय बी काढतस. पन सासरा म्हनेत, शब्बीरना हात कोनं तोंड काढत नही. मी दखं आनी म्हनं, अप्पा ग्यात, आते हात बी बदलना."

शब्बीरने डबा खाली ठेवला. सगळं सांगितलं, महजबीनचा फोटो, सुरत, दीड मिनिट. शेठ मध्येच म्हणाले, "भिंत मन्ही व्हती." ते तिला कळलं नाही. तेव्हा शब्बीरने उरलेल्या रंगाची रीत सांगितली. बोलता बोलता त्याची नजर दाराकडे गेली. फळीवर लाल अक्षरात दोधू अप्पांचं नाव होतं. काठांना तडे गेलेले, पण उभं.

रंजिताही वळून पाहू लागली. या घरात तिची बावीस वर्षं गेली होती. "दर दिवाळीले अप्पा बठा दार रंगाडेत," ती म्हणाली, "येवढं नाव सोडी देत. मी इचारू, अप्पा, हाई कसाले ठेवं? तं निस्ती जीभ काढेत." तिने फळीवरून बोट फिरवलं. "माले वाटे, म्हातारा माले चिडाडस."

शेठ खाटेवर बसले. कुणीतरी पाणी आणून दिलं, हंड्यातलं.

"मंग लिखू का नाव?" शब्बीरने विचारलं. "तुम्हनं, अप्पास्ना खाले."

"नाव नको." रंजिताने घराच्या बाजूच्या भिंतीकडे बोट केलं. ती रस्त्यावरून सरळ दिसत होती. "माले नळ पाह्यजे. जसा व्हता तसा. मूठ लाईसन, मन्हं तोंड काढी टाकीसन."

"नळ? तो तं तुम्हना सासरावर व्हता."

"सासरावर व्हता, तवय सासराना नळ व्हता. आते कोना शे? तीस वरीस व्हयनात, तो तिसायेलच शे. मांगला दहा वरीस तं पारसभाऊ सरपंच व्हतात." पारसभाऊ म्हणजे शेठचा मुलगा. ती शेठकडे वळली. "शेठ, रंग तुम्हनाच वापरसूत. चाली का?"

शेठ आभाळाकडे पाहत होते. बायकांना वाटलं, कान पुन्हा बंद पडला. पण ते म्हणाले, "रंग दिधा म्हंजे दिधा."

काम दोन दिवस चाललं. शब्बीरने पहिल्यांदा चुन्याचा हात दिला आणि कोपऱ्यात, कुणी विचारलं नसताना, 'राखीव' लिहिलं. हात हलत होता. हेमकांत म्हणाला तसा नव्हता तो. मोठी वळणं जमली, पण जिभेचं टोक तीनदा पुसावं लागलं. रंजिताच्या बरोबरच्या बायका येता-जाता उभ्या राहत. "चाचा, जीभ वल्ली वाटस," एकीने सांगितलं. "आम्हनी इहिरवर यी दखा, तीस कशी ऱ्हास ते." त्याने जिभेवर बारीक भेगा काढल्या, खालच्या ओठावर पांढरी साय. मुठीपाशी आल्यावर तो अडला. झीज नेमकी कुठे पडते? गल्लीच्या टोकाला एक जुना कोरडा नळ अजून उभा होता. तिथे जाऊन त्याने मूठ हातात धरून पाहिली. पाणी नव्हतं तरी ती डाव्या बाजूने झिजलेली होती. इतकी वर्षं येणारे-जाणारे ती उगाच फिरवून पाहत होते.

दुसऱ्या दिवशी तिसऱ्या प्रहरी नळ पुरा झाला आणि त्याने कोपऱ्यात नाव लिहिलं, खाली रेघ ओढली. लोक जमले होते. कुणीतरी फोन काढून भिंतीशेजारी धरला. फोनमधला नळ आणि भिंतीवरचा नळ, दोन्ही शेजारी शेजारी.

"दखा, आठे मूठ शे, तठे तोंड," हेमकांत मोठ्याने म्हणाला. जणू हे त्यानेच हुडकून काढलं होतं. "मी तं पहिलेच म्हनं, हाऊ चाचाना हात नही."

"परवा तं तू म्हनस, मानं तुम्हले!" गिरणीवाला म्हणाला, आणि लोक हेमकांतला हसले.

फोनमधलं चित्र काही थांबलं नाही. ते अजूनही फिरत होतं, सुरतेत, शहाद्यात, ज्यांना भोरखेडे कुठे आहे हे माहीत नाही अशा माणसांच्या खिशांत. शब्बीरला ते कळत होतं. तिथे त्याची सही त्या चेहऱ्याखाली राहणार होती, आणि तिथवर डबा घेऊन जाता येत नव्हतं. पण रंजिता भिंतीसमोर आली, नळाला नीट न्याहाळलं, मग त्याच्याकडे पाहून तिने जिभेचं टोक जरासं बाहेर काढलं. शब्बीरने मान खाली घातली. चष्मा पुसायला त्याला बराच वेळ लागला.

डब्यात चौथाई रंग उरला होता.

सकाळी तो डबा उचलताना रजियाने विचारलं, "अब किधर?"

"शेठ के घर."

"उनकाच रंग, उनकेच घर?" ती हसायला लागली. "पागल लोगाँ."

शेठच्या घराचं दार फाल्गुनीने उघडलं. तीन दिवसांवर मतदान, घरात माणसांची ये-जा, आणि दारात लाल डबा घेऊन पेंटर. रंजिताच्या भिंतीवर काय आहे हे तिला माहीत होतं. नवऱ्याच्या दहा वर्षांवरचीच ती जीभ होती, आणि मतं आता तिला मागायची होती. तिने डब्याकडे पाहिलं, मग आत वळून सासऱ्यांकडे. शेठ आतून म्हणाले, "रंग घर उना का? येऊ दे, येऊ दे."

"माझ्या तोंडाला पण जीभ लावणार का चाचा?" फाल्गुनीने विचारलं. हसत नव्हती.

"नळलेच लायी, ताई. तोंड कोनंच नही."

ती दारातच उभी राहिली. मग बाजूला सरून तिने दाराची फळी मोकळी करून दिली. मागे नमन आला होता. त्याने शब्बीरकडे पाहिलं नाही, फळीकडे पाहिलं, जिथे आता त्याच्या आईचं नाव येणार होतं.

"मूठ जमली का?" त्याने हळूच विचारलं.

"जमनी. डाव्या बाजूले झिजस ती. धर हाऊ डबा, हालू देऊ नको." शब्बीरने ब्रश बुडवला, काठावर दोनदा निथळला आणि फळीवर पहिलं अक्षर टेकवलं. "ताई, नाव मोठं लिखू का बारीक?"

"त्या जिभेपेक्षा मोठं," फाल्गुनी म्हणाली.

आत शेठ पोट हलवत हसू लागलेले ऐकू आले. नमनचा खिशातला फोन दोनदा वाजला, तिसऱ्यांदा वाजला. दोन्ही हातांत डबा होता, म्हणून त्याला तो काढता आला नाही.